केक पोचतो की नाही

प्रबोध टिपणीस या माणसाबद्दल शैलेंद्र पुराणिकांना खरं म्हणजे फारच थोडं ठाऊक होतं. ओळख दहा महिन्यांची, तीही बहुतेक बुधवारची, दुपारी चार ते सहा. टिपणिसांचं वय नेमकं किती, ते गिरगाव सोडून सिंगापूरला का आले, त्यांच्या स्वयंपाकघराच्या दाराशेजारी लावलेल्या फोटोतल्या बाई त्यांच्या पत्नी की बहीण, यातलं काहीच पुराणिकांना शेवटपर्यंत कळलं नाही. विचारावं असं पुष्कळदा मनात आलं होतं. पण समोरच्याने आपणहून सांगितलं नाही तर विचारू नये, ही पुराणिकांची जुनी सवय. आणि टिपणीस आपणहून बोलायचे ते एकाच विषयावर. शंभर वर्षांपूर्वी अमेरिकेत निघालेले मुके विनोदी चित्रपट. दहा दहा, वीस वीस मिनिटांचे. त्यांत माणसं शिडीवरून पडतात, पोलीस गुन्हेगार सोडून भलत्याच्याच मागे धावतात, कुत्रा कुणाची तरी विजार ओढून नेतो, आणि या सगळ्यात कुणाच्या तोंडून एक शब्द ऐकू येत नाही.

टिपणीस मरण पावल्याचं पुराणिकांना पुण्यात फोनवर कळलं, तेव्हा त्यांना दुःख झालंच. पण फोन ठेवल्यावर पाचच मिनिटांत त्यांना एकदम हसू फुटलं, आणि ते काही केल्या आवरेना. कारण टिपणीस आठवले की तो केकही आठवायचा.

पुराणिक पुण्याचे. टेलिफोन खात्यातून निवृत्त झालेले, वय एकाहत्तर, बायको जाऊन चार वर्षं झालेली. मुलगा अमेय आणि सून ऋचा सिंगापुरात टॅम्पिनीसला भाड्याच्या फ्लॅटमध्ये राहत. दोघांच्या नोकऱ्या, नऊ वर्षांची अदिती. "बाबा, एक वर्ष तरी या," असं अमेय धरूनच बसला आणि दोन हजार सोळाच्या डिसेंबरात पुराणिक एक बॅग आणि आपली पेटी घेऊन आले. पेटी म्हणजे हार्मोनियम. तीस वर्षं ते कॉलनीतल्या भजनी मंडळात साथ करत होते. एकट्याने वाजवायची वेळ त्यांनी स्वतःवर कधी येऊ दिली नव्हती. बुवा गातील त्याच्या मागून जायचं, एवढंच त्यांचं काम. तेही ते जरा जास्तच मागून जायचे. अर्धी मात्रा, कधी पाऊण. बुवा चारचौघांत म्हणायचे, "पुराणिक, तुम्ही गाडी सुटल्यावर फलाटावर येता." मंडळी हसायची. पुराणिकही हसायचे आणि घरी जाऊन तोच अभंग पन्नासदा घोटायचे. पण उशीर काही सुटला नाही.

त्याच इमारतीत सातव्या मजल्यावर नीलिमा कारखानीस राहायच्या. एका फायनान्स कंपनीच्या हिशेब विभागातून निवृत्त झालेल्या, अंगाने भरभक्कम, आवाजाने त्याहून. जानेवारीत त्यांच्याकडे सत्यनारायण होता. नीलिमाबाईंनी पुराणिकांना पेटीसकट उचलून नेलं म्हटलं तरी चालेल. पूजेनंतर चार भजनं झाली. पुराणिक पेटीचा भाता बंद करत होते तेव्हा इस्त्रीचा अर्ध्या बाह्यांचा शर्ट घातलेले, बारकेसे एक गृहस्थ समोर येऊन बसले. शर्टाच्या खिशात पेन असावं तसा एक बारीक ब्रश होता.

"मी टिपणीस. पासिर रिसला असतो. तुमची पेटी पळते का हो?"

"पळते म्हणजे?"

"म्हणजे पोलीस मागे लागला तर."

पुराणिकांनी नीलिमाबाईंकडे पाहिलं. त्या प्रसादाच्या द्रोणांत गुंतल्या होत्या, तरी तिथूनच म्हणाल्या, "काका, घाबरू नका. त्यांचं डोकं ठीक आहे. फक्त शंभर वर्षं मागे आहे."

टिपणीस जरासुद्धा चिडले नाहीत. "बुधवारी चारला या," म्हणाले. "चहा मला येत नाही. काळी कॉफी चालेल ना?"

पुराणिकांना नाही म्हणता येत नसे. म्हणून बुधवारी ते गेले. टॅम्पिनीसहून पासिर रिस एकच स्टेशन. टिपणिसांचा फ्लॅट लहानसा, अतिशय स्वच्छ. बाहेरच्या खोलीत एका भिंतीवर पांढरा पडदा ताणलेला आणि समोर स्टुलावर लोखंडी प्रोजेक्टर, त्याच्यावर सुती कापडाची खोळ.

त्या दिवशी कळलं ते एवढं. टिपणीस रॅफल्स प्लेसच्या एका बँकेत मायक्रोफिल्म विभागात होते. बँकेच्या जुन्या कागदपत्रांचे बारीक फोटो फिल्मच्या लांब पट्टीवर घ्यायचे, ती धुवायची, तुटली तर जोडायची, डब्यात भरून ठेवायची, हे काम त्यांनी एकोणतीस वर्षं केलं. बँकेने तो विभाग बंद केला तेव्हा कर्मचाऱ्यांना माहितीपट दाखवायचा जुना प्रोजेक्टर भंगारात निघाला, तो त्यांनी मागून घेतला. आणि फिल्म्स मिळाल्या सुंगेई रोडच्या जुन्या बाजारात. तिथे फूटपाथवर लोक जुनी घड्याळं, नाणी, रेडिओ, तुटक्या बाहुल्या मांडून बसत. दर रविवारी सकाळी टिपणीस तिथे जायचे.

"बसा. आता बघा आणि वाजवा."

"काय वाजवू?"

"ते मला माहीत असतं तर तुम्हाला कशाला बोलावलं असतं?"

पडद्यावर एक लुकडा माणूस आला. डोक्यावर टोपी, हातात तीन मजली लग्नाचा केक. मध्येच काळ्या पाटीवर इंग्रजी अक्षरं उमटली: केक पाचच्या आत पोचला नाही तर लग्न मोडेल. लुकडा निघाला. पहिल्याच वळणावर एका जाड्या पोलिसाच्या पायावर त्याचा पाय पडला. झालं. पोलीस मागे, लुकडा पुढे, केक डोक्यावर. दोरीवरच्या कपड्यांतून, कोंबड्यांच्या खुराड्यातून, रंगाऱ्याच्या शिडीखालून. पुराणिकांनी घाबरत घाबरत पेटीवर बोटं ठेवली. लुकडा धपकन पडला, केक हवेत उडाला आणि पुन्हा बरोबर त्याच्या हातात आला. पुराणिकांच्या सुराला नेहमीसारखा उशीर झाला. तो लुकड्याच्या मागून, अर्ध्या मात्रेने धपकन पडला.

टिपणीस खुर्चीतून उठले. "हे तुम्ही मुद्दाम केलंत?"

"नाही हो. माफ करा. मला तीस वर्षं हेच..."

"माफ कसलं करताय! माणूस आधी पडतो. मग लोकांना कळतं की पडला. मग हसू येतं. तुम्ही बरोबर त्या कळण्याच्या जागी येताय. याच्याआधी मी एका पोराला बसवलं होतं, पियानोच्या परीक्षा दिलेला. तो पडण्याच्या आधीच वाजवायचा. सगळा विनोद मारून टाकायचा. तुम्ही हा उशीर असाच ठेवा, पुराणिक. सुधारू नका."

आपला दोष कुणाला तरी हवाय, असं पुराणिकांच्या आयुष्यात पहिल्यांदाच घडत होतं. ते इतके भांबावले की कॉफीत साखर नाही हे सांगायचं राहून गेलं. पुढे दहा महिने त्यांनी बिनसाखरेचीच कॉफी प्यायली.

पडद्यावर लुकडा आता डोंगरावरच्या एका घरातून चाकं लावलेल्या न्हाणीच्या टबात बसून रस्त्यावरून खाली सुटला होता. दोन्ही हातांत केक. मागे पोलीस, सायकलवर. खाली तळं, तळ्यात गेलेला लाकडी धक्का, त्या धक्क्यावर लग्नाची मंडळी आणि पांढऱ्या वेषातली नवरी. टब थेट धक्क्याच्या रोखाने निघाला, आणि पडदा पांढराफटक झाला.

"पुढे?" पुराणिकांनी विचारलं.

"पुढचं रीळ नाही."

"म्हणजे केक पोचतो की नाही?"

टिपणिसांनी प्रोजेक्टर बंद केला. "तेहतीस वर्षं झाली. मला माहीत नाही."

चौऱ्याऐंशी साली सुंगेई रोडला त्यांनी हे पहिलं रीळ घेतलं. डब्यावरची चिठ्ठी खरवडून गेलेली, फिल्मची सुरुवातीची चार हात पट्टी फाटलेली, त्यामुळे चित्रपटाचं नाव काय, नट कोण, काही पत्ता नाही. अमेयने पुढे एकदा ऐकून म्हटलंच, "काका, इंटरनेटवर सगळं मिळतं." टिपणीस म्हणाले, "मिळतं ना. काय नावाने शोधू, सांग." अमेयने दोन तास टब, केक, पोलीस असं काय काय टाकून पाहिलं आणि शेवटी टब विकणाऱ्यांच्या जाहिराती त्याच्या मागे लागल्या.

बाकी चित्रपट टिपणिसांकडे बरेच होते, पुरे असलेले. पण जीव अडकला होता तो या अर्ध्यात. दुसऱ्या रिळासाठी ते तेहतीस वर्षं रविवारी बाजारात फिरत होते.

आणि आता तो बाजारच उठणार होता. दोन हजार सतराच्या जुलैत सुंगेई रोडचा बाजार कायमचा बंद होणार, असं सरकारने जाहीर केलं होतं. शेवटच्या रविवारी पुराणिकही टिपणिसांबरोबर गेले. गर्दी ही भली मोठी. विकत घेणारे कमी, फोटो काढणारे जास्त. ऊन मी म्हणत होतं. टिपणीस एकेका फडक्यापुढे वाकून बघत होते, आणि पुराणिक मागून छत्री धरून. दोन तास गेले. काही नाही. टिपणीस एका दगडी कठड्यावर बसले आणि टोपीने वारा घेत म्हणाले, "जाऊ द्या पुराणिक. नाही पोचला म्हणायचा."

पुराणिकांना तो आवाज ऐकवेना. बसून राहण्यापेक्षा म्हणून ते आपले पुढे गेले. कोपऱ्यावर एक म्हातारा चिनी विक्रेता न खपलेला माल हातगाडीवर परत चढवत होता. एक बिस्किटांचा पत्र्याचा डबा कलंडला आणि त्यातून फिल्मचा गुंता बाहेर आला, ताटात शेवया ओतल्यासारखा. पुराणिकांनी टिपणिसांना हाक मारायला तोंड उघडलं. पण इतक्या लोकांत ओरडायचा त्यांना संकोच वाटला. मग ते एकाहत्तर वर्षांचे गृहस्थ छत्री मिटून चक्क धावत गेले.

टिपणिसांनी पट्टीचं एक टोक आभाळाकडे धरलं.

"काय आहे?"

"टोपी," टिपणीस म्हणाले. "टोपी आणि टब." आणि त्यांनी झटकन डोळे मिटून घेतले. "बास. आता पुढचं बघायचं नाही."

त्यानंतरचे पाच बुधवार फिल्म सोडवण्यात गेले. पट्टी जागोजागी चिरलेली, कडेची भोकं फाटलेली. दोघे जमिनीवर बसून मऊ कापडाने एकेक हात पुसायचे. टिपणीस चष्म्यावर दुसरा चष्मा लावून तुटलेलं जोडायचे. एवढं जवळून काम, तरी त्यांनी चित्रं म्हणून बघितली नाहीत.

"असं कसं जमतं?" पुराणिकांनी विचारलं.

"बँकेत हाच तर नियम होता. लोकांचे कागद हाताखालून जायचे. कुणाचं मृत्युपत्र, कुणाचं घर गहाण. आम्ही कडा बघायच्या, मजकूर नाही. एकोणतीस वर्षांत मी एक ओळ वाचलेली नाही. तुम्हीही कडाच बघा. फितूर होऊ नका."

"मी बघून ठेवलं तर वाजवायला बरं पडेल हो. मला आधी माहीत नसलं की..."

"की तुम्ही उशिरा येता. तेच हवंय."

"निदान घरी एकदा लावून तर बघू."

"नाही. एक तर ही पट्टी किती वेळा टिकेल सांगता येत नाही. दिवाही माझ्याकडे शेवटचा राहिलाय, तसले दिवे आता बनत नाहीत. आणि तिसरं म्हणजे, पुराणिक, गमतीचा चित्रपट एकट्याने बघणं म्हणजे स्वतःच स्वतःला गुदगुल्या करणं. माणसं हवीत."

माणसं नीलिमाबाईंनी जमवली. ऑगस्टच्या शेवटी त्यांच्याकडे पाच दिवसांचा गणपती असे. तिसऱ्या संध्याकाळी इमारतीच्या तळमजल्यावरच्या मोकळ्या जागेत, जिला इथे सगळे व्हॉइड डेक म्हणतात, शेजाऱ्यांसाठी कार्यक्रम व्हायचा. दरवर्षी भेंड्या आणि मुलांचे नाच. या वर्षी चित्रपट. परवानगीचे कागद, प्लॅस्टिकच्या खुर्च्या, सत्तर मोदक, सगळं नीलिमाबाईंनी एका दमात केलं. "टिपणीसकाका," त्या म्हणाल्या, "तुमचा केक आज पोचला नाही ना, तर मी स्वतः टबात बसून जाईन."

"तुम्ही बसलात तर टबाला ब्रेक लावायला लागेल," टिपणीस म्हणाले.

"बघा हं! माझ्याच गणपतीत मलाच!"

साडेसातला अंधार पडला. वर आरती आटोपून मराठी मंडळी खाली उतरली होती. चिनी, मलय, तामिळ शेजारी खुर्च्या धरून बसले होते. पहिल्या रांगेत चौथ्या मजल्यावरचे मिस्टर कोह, सत्तरीचे, सडपातळ, नेहमी बनियनवर असणारे. आज सदरा घालून आले होते. पडदा दोन खांबांच्या मध्ये बांधलेला. सगळ्यांच्या मागे प्रोजेक्टर, त्याच्याजवळ टिपणीस, आणि शेजारी सतरंजीवर पेटी घेऊन पुराणिक. त्यांच्या तळहातांना इतका घाम सुटला होता की अदितीने आपला रुमाल आणून दिला आणि ती आपल्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणाली,

"आजोबा, डोन्ट वरी लाह. नोबडी लुकिंग ॲट यू. एव्हरीबडी लुकिंग ॲट केक."

पहिलं रीळ झकास गेलं. लुकडा पडला की अर्ध्या मात्रेने पेटी पडायची आणि तिच्यामागून लोक हसून पडायचे. टब सुटला. पडदा पांढरा झाला. टिपणिसांनी दुसरं रीळ चढवलं. एका ठिकाणी भोकं इतकी गेलेली होती की दिव्यासमोरून जाणारी फिल्मची सैल वळी त्यांना उजव्या हाताच्या बोटाने धरून ठेवावी लागणार होती, अगदी शेवटपर्यंत. "आता काही झालं तरी मला इथून हलता यायचं नाही," ते पुटपुटले. "वाजवा."

टब धावतच होता. पुराणिकांना वाटलं होतं आता लगेच काहीतरी होईल. पण टबापुढे गाय आली, मग बँडवाले आले, मग पोलिसाच्या सायकलचं चाक निखळलं आणि तो एकाच चाकावर येऊ लागला. पाठलाग संपेना. पुराणिकांच्या ठेवणीतलं सगळं वाजवून झालं. मनगट भरून आलं, डोकं रिकामं झालं. अशा वेळी बोटं आपली वाट आपण शोधतात. तीन दिवस सकाळ-संध्याकाळ ती आरती वाजवत होती. आरतीच्या शेवटी लय चढत जाते, टाळ्या जोरात होतात, ती बोटांना पाठच होती. बोटं त्या लयीत घुसली.

मराठी माणसाला ती लय ऐकून बसून राहता येत नाही. तिसऱ्या रांगेतल्या एका आजींनी टाळी धरली. शेजारच्यांनी धरली. मग आजी उठून उभ्या राहिल्या, कारण आरती बसून म्हणतात का? त्या उठल्या म्हणून सगळी मराठी मंडळी उठली. मंडळी उठली हे बघून मिस्टर कोहंना वाटलं असावं की यांची हीच रीत, म्हणून तेही अदबीने उठले, त्यांच्या मागे इतर शेजारी. अर्ध्या मिनिटात सगळं व्हॉइड डेक उभं राहून तालात टाळ्या वाजवत होतं आणि मागे बसलेल्या दोघांना पडद्याच्या जागी पाठी दिसत होत्या.

"बसा!" टिपणीस ओरडले. "अहो, खाली बसा!"

टाळ्यांत कोण ऐकणार!

"पुराणिक, थांबवा ते!"

"थांबता येत नाही हो! पोलीस अजून मागे असेल ना!"

टिपणिसांनी मान इकडे ताणली, तिकडे ताणली. टाचा उंचावल्या. बोट फिल्मवरून हलवता येईना. आणि तेवढ्यात समोर हास्याचा असा काही कल्लोळ उठला की खांब हलले असतील. लोक एकमेकांच्या खांद्यावर कोसळत होते, नीलिमाबाई पदराने डोळे पुसत होत्या, कोहंना ठसका लागला होता. मग पट्टीचं शेपूट फट फट करत चाकावर आपटलं, दिव्याने एकदा भक्क उजेड दिला, आणि टप्प असा आवाज होऊन तो गेला. शेवटचा दिवा.

कुणीतरी ट्यूबलाइट लावल्या. टिपणीस प्रोजेक्टरवर बोट ठेवून तसेच उभे होते. पुराणिकांचे कान तापून लाल झाले. तेहतीस वर्षं या माणसाने वाट पाहिली आणि आपल्या बोटांनी त्याच्यासमोर शंभर माणसं उभी केली. ते कसेबसे म्हणाले, "टिपणीस, मी... माझ्यामुळे..."

टिपणिसांचं तिकडे लक्षच नव्हतं. ते पुढच्या गर्दीला विचारत होते, "पोचला का? अहो, केक पोचला का?"

मग जो गोंधळ उडाला तो काय सांगावा! सगळे एकदम सांगू लागले. मराठीत, इंग्रजीत, मलयात, तामिळमध्ये, आणि कोह त्यांच्या हॉक्किन या चिनी बोलीत. प्रत्येकाला सांगता सांगता पुन्हा हसू यायचं आणि वाक्य अर्ध्यातच राहायचं. "तो हात ना... म्हणजे टब तर बुडाला... पण हात..." इतकंच. टिपणीस रडकुंडीला आले.

"वेट, वेट!" अदिती खुर्चीवर चढली. "डोन्ट टॉक. शो हिम."

तिने ऋचाची ओढणी डोक्यावर घेतली, ती नवरी. कोहंना पुढे ओढलं, ते लुकडा. नीलिमाबाईंकडे तिने नुसतं बोट केलं.

"मीच का पोलीस?" नीलिमाबाईंनी कमरेवर हात ठेवले.

"तुमच्याइतकं कोण शोभणार?" टिपणीस पहिल्यांदा हसले.

सामान आणायची ढकलगाडी टब झाली. मोदकांचे तीन डबे एकावर एक रचून केक. अमेयने गाडी ढकलली. कोह गाडीत उकिडवे, डबे दोन्ही हातांत उंच धरलेले, चेहरा असा की जणू आता सुळावरच चढायचंय. गाडी लग्नाच्या मंडळीतून सुटली, मंडळी दुभंगली, आणि धक्का संपला तिथे कोह गाडीसकट खांबामागे गडप. तळ्यात बुडाले. सगळे चूप. पुराणिकांना आपण पेटीजवळच बसलो आहोत हे आठवलं. त्यांनी एक खालचा सूर नुसता धरून ठेवला.

खांबामागून एक हात वर आला. फक्त हात. हातावर तीन मजली केक, कोरडा ठणठणीत. तो हात पाण्यातून चालावा तसा सावकाश नवरीपर्यंत आला. नवरीने केक घेतला, स्टुलावर ठेवला. मंडळींनी टाळ्या वाजवल्या.

"पोचला!" टिपणीस ओरडले. "पोचला हो पुराणिक!"

"थांबा, काका," अमेय म्हणाला.

एका चाकावर डुगडुगत पोलीस आला. धापा टाकत, घाम पुसत. इकडे तिकडे पाहिलं. बसायला काही नाही. आणि दमलेल्या माणसाने सुटकेचा श्वास टाकावा तशा नीलिमाबाई कारखानीस ऐटीत मोदकांच्या डब्यांवर बसल्या. वरच्या डब्याचं झाकण आत गेलं. त्यांना पत्ताच नाही. त्यांनी कागद काढला, काल्पनिक पेन्सिल जिभेला लावली आणि कोहंना दंडाची पावती लिहून दिली.

पुराणिकांची पेटी अर्ध्या मात्रेने धपकन वाजली. टिपणीस आधी प्रोजेक्टरला धरून हसले, मग खुर्चीला धरून, आणि शेवटी सतरंजीवर येऊन बसले, दोन्ही हात पोटावर. त्यांना श्वास घेता येईना. "पुन्हा!" ते म्हणाले. "पुन्हा करा!"

पुन्हा केलं. तीनदा केलं. तिसऱ्यांदा पोलीस टिपणीस झाले. चेपलेले मोदक लोकांनी बोटांनी खाल्ले आणि ते नेहमीपेक्षा चांगले झाले असल्याचं कोहंनी जाहीर केलं.

पुराणिक मात्र घरी येऊन रात्री बराच वेळ जागे राहिले. नाटक ते नाटक. खरं ते त्यांनी पाहिलेलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी त्यांनी अमेयला जन्मात पहिल्यांदा स्वतःसाठी काही मागितलं: तो दिवा शोध. अमेयने प्रोजेक्टरवरची पाटी वाचून, दिव्याचा नंबर घेऊन शोध लावला. परदेशातल्या एका जुन्या सामानाच्या दुकानात दोन दिवे निघाले. ऑक्टोबरच्या अखेरीस ते थर्माकोलच्या खोक्यात येऊन पोचले. नोव्हेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात पुराणिकांचं पुण्याचं विमान होतं.

शेवटचा बुधवार. खिडक्यांना पडदे लावलेले. टिपणिसांनी दिवा बसवला आणि दुसरं रीळ चढवलं. बोटाने वळी धरली. समोर कुणी उभं राहणारं नव्हतं.

गाय आली, बँडवाले गेले, टब बुडाला, हात वर आला. केक पोचला. पोलीस बसला. सगळं त्या संध्याकाळी केलं होतं तसंच, फक्त नीलिमाबाई जास्त ऐटीत बसल्या होत्या. पोलीस पावती लिहीत होता तेवढ्यात टिपणीस म्हणाले, "कडेला बघा. डाव्या कडेला."

चित्राच्या अगदी कडेला नवरी उभी होती. ती खरोखरच हसत होती. नटीने हसावं तसं नाही. तिला आवरेना झालं होतं, ती डोक्यावरची पांढरी जाळी तोंडात कोंबत होती, पाठ फिरवत होती, खांदे हलत होते. आणि कुणीतरी रागवेल या भीतीने पुन्हा चेहरा सरळ करून उभी राहत होती. एक सेकंद. मग पुन्हा फुटत होती.

"त्या दिवशी हे कुणीच सांगितलं नाही," पुराणिक म्हणाले.

"सगळे मध्ये बघत असणार. मला कडा बघायची सवय." टिपणिसांचं बोट अजून वळीवरच होतं. "कोण कुठली पोरगी. शंभर वर्षं झाली असतील. बघा, अजून तिचं हसू थांबत नाही."

पुराणिक पेटी वाजवायची विसरले होते. शेपूट फट फट करू लागलं तरी दोघे पांढऱ्या पडद्याकडे बघत हसत होते.

मग टिपणिसांनी प्रोजेक्टरवर खोळ घातली आणि पायात चपला सरकवून पुराणिकांना सोडायला स्टेशनपर्यंत आले. पेटीचं एक हँडल त्यांनी धरलं होतं, एक पुराणिकांनी. निरोप घेणं दोघांनाही येत नव्हतं. गेटापाशी टिपणिसांनी आपल्या बाजूचं हँडल सोडलं.

"पुढच्या डब्यात बसा. टॅम्पिनीसला एस्केलेटर बरोबर समोर येतो."

"हो, मी तिथेच बसतो नेहमी."

"मग ठीक आहे."